मास्तर चीज लावतात

आमच्या ह्यांना रागावता येत नाही, ही माझी त्यांच्याबद्दलची मुख्य तक्रार. बाकीच्या किरकोळ आहेत, त्या ओघात येतीलच.

सगळे त्यांना मास्तर म्हणतात. शाळेतले मास्तर नव्हेत, मोटारीचे. ड्रायव्हिंग स्कूलच्या गाडीत, शिकणाऱ्याच्या शेजारच्या सीटवर बसून त्यांनी उभा जन्म काढला. त्या गाडीत मास्तरांच्या पायाशीही एक ब्रेक असतो. शिकणारा चुकला की मास्तरांनी तो दाबायचा. मग आरडाओरडा नाही, कपाळाला हात लावणं नाही. गाडी जागच्या जागी उभी राहायची, शेजारच्याचा चेहरा पांढराफटक पडायचा आणि हे खिडकीबाहेर बघत म्हणायचे, "बरं. आता पुन्हा पहिल्या गिअरपासून." शिंपी, खाटीक, बँकेतल्या बाई, नातवंडं झाल्यावर गाडी शिकायला निघालेल्या आजीबाई, सगळे ह्यांच्या हाताखालून गेले. खरं म्हणजे पायाखालून गेले. अजूनही आम्ही पायी बाहेर पडलो की दर थोड्या अंतरावर कुणी तरी हॉर्न वाजवतं, हे हात वर करतात आणि मी दचकते.

त्या ब्रेकने त्यांचा उजवा गुडघा तर खाल्लाच, वर पायाला एक खोड लावली. मी उकळतं पाणी ओतायला लागले की खुर्चीत बसलेल्या ह्यांचा उजवा पाय फरशीवर दाबला जातो. मुलगी फोन बघत जिना उतरत असली की पाय दाबला जातो. टीव्हीवरची गाडी वळणावर आली, की दाबला पाय. आमच्या स्वतःच्या जुन्या गाडीत त्यांच्या बाजूला ब्रेक नाही, पण तिथल्या रबरी चटईला टाचेएवढं भोक पडलंय. गुडघ्याचं ऑपरेशन झाल्यावर डॉक्टरांनी शिकवणं बंद करायला सांगितलं आणि हा पाय पूर्णवेळ माझ्या वाट्याला आला.

एकटी मी असते तर सोसलंही असतं. पण प्रश्न मुलीचा होता.

आमची एकुलती एक मुलगी नर्स आहे, तेव्हा हॉस्पिटलच्या वॉर्डात होती. अंथरुणाला खिळलेल्या माणसांच्या घरी जायचं, जखमा धुवायच्या, इंजेक्शनं द्यायची, दोन घटका बसून त्यांचं ऐकायचं, हे काम तिला शिकत होती तेव्हापासून हवं होतं. ती जागा निघाली, मुलाखत झाली, निवडही झाली. अट एकच. घरं लांबलांबची, तेव्हा गाडी स्वतः चालवता आली पाहिजे आणि लायसन्स हातात पाहिजे. महिनाअखेरीपर्यंत थांबतो, नाही तर पुढच्या मुलीला बोलावतो, असं तिथल्या लोकांनी स्पष्ट सांगितलं होतं. आणि मास्तरांच्या मुलीला गाडी येत नव्हती. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच.

दोनदा परीक्षा दिली, दोनदा नापास. पहिल्या वेळी चढावर गाडी बंद पडली, ते मी समजू शकते. दुसऱ्या वेळी मात्र मोकळ्या रस्त्यावर, पुढे कुत्रं नाही मांजर नाही, हिने करकचून ब्रेक मारला. परीक्षक काचेपर्यंत जाऊन परत आला.

"अगं, का मारलास?" मी विचारलं.

"माहीत नाही," ती म्हणाली. "सर्दी झाली होती बिचाऱ्याला."

सर्दीचा आणि ब्रेकचा काय संबंध? पण नापास होऊन आलेल्या माणसाला खोदून विचारू नये, म्हणून मी विषय वाढवला नाही. म्हणजे त्या दिवशी वाढवला नाही.

नंतर विचार केल्यावर मला उलगडा झाला. पोरीला पहिल्यापासून ह्यांनीच शिकवलं होतं, आमच्या जुन्या गाडीत, तिच्या शेजारी बसून, चटईला भोक पाडत. जन्मभर तो पाय बघून बघून तिचाही पाय तसाच झाला होता. रोग सापडला की औषध सोपं असतं. ह्यांना तिच्या शेजारून उठवायचं आणि दुसऱ्या कुणाला तरी बसवायचं. ह्यांचीच एक जुनी विद्यार्थिनी आता त्याच स्कूलमध्ये शिकवते, सगळे तिला मॅडम म्हणतात. मी मॅडमशी परस्पर बोलून घेतलं. सकाळचा वेळ ठरला. ह्यांना कळू द्यायचं नाही, कारण कळलं की "मीही येतो" म्हणणार, आणि आले की पाय बरोबर येणार. पोरीसोबत मात्र मी जायचं ठरवलं. मी काय, मागे बसणार. मागे बसलेल्या माणसाचा कुणाला त्रास होतो?

आता सकाळभर ह्यांना घरात गुंतवायला काही तरी हवं होतं. वर्तमानपत्र त्यांचं चहाबरोबर संपतं. बागकाम गुडघ्याला झेपत नाही. तेव्हा मला ते चीज आठवलं.

फार पूर्वी ह्यांच्याकडे शिकून पास झालेल्या एका गाईवाल्याने त्यांना घरचं ताजं चीज आणून दिलं होतं. दुकानातल्या पिवळ्या वडीसारखं नव्हे. पांढरं, ओलं, सुरी लावली की थरथरणारं. ते त्यांनी पावाला लावून, वर मीठ भुरभुरून खाल्लं आणि पुढे कित्येक वर्षं त्याचं वर्णन मला ऐकवलं. माझ्या हातच्या कुठल्याही पदार्थाचं इतकं कौतुक झालेलं मला आठवत नाही. मी केकचं सामान मिळतं त्या दुकानातून दूध घट्ट करणाऱ्या थेंबांची बाटली आणली, त्यासोबतचा कृतीचा कागद ह्यांच्यापुढे ठेवला आणि म्हटलं, "अहो, तुम्हाला आवडतं ना, करून बघा की."

ताकाला जाऊन भांडं लपवणं माझ्या स्वभावात नाही, पण पोरीसाठी तेही केलं.

कृती दिसायला सोपी. दूध कोमट करायचं, म्हणजे बोट बुडवलं तर गरमही वाटू नये आणि गारही. त्यात दोन चमचे ताक, आंबूस चवीसाठी. मग घोटभर पाण्यात कालवलेले थेंब. एकदा अलगद ढवळून झाकण ठेवायचं आणि त्यानंतर भांड्याला हात लावायचा नाही. दूध आपोआप बसतं, गच्च होतं. सुरीने चिरलं की स्वच्छ भेग पडावी आणि भेगेत हिरवट पाणी यावं. मग त्याच्या चौकोनी फोडी करायच्या, फडक्यात बांधून नळाला लटकवायच्या, पाणी गळून गेलं की मीठ. सगळी मेख "हात लावायचा नाही" यात आहे, आणि म्हणूनच मला ते काम पसंत पडलं. दूध बसेपर्यंत माणूस घरात बसतो.

मास्तरांनी ते अंगावर घेतलं, आणि अंगावर घेतलं म्हणजे कसं, तर कागद भिंतीला चिकटवला, सुऱ्या धारेला लावून आणल्या, फडकी उकळून दोरीवर वाळत घातली. माझ्या ओट्यावरून मलाच हाकललं. "कोमट म्हणजे दुसरा गिअर," असं मला समजावून सांगितलं. मी मान डोलावली.

त्यांना काही कमी पडू नये म्हणून दूध मी तयार ठेवत असे. डेअरीतून पहाटे दूध यायचं, मी ते नेहमीसारखं सगळं करून पातेल्यात झाकून ठेवायची, तोवर ह्यांची झोप झालेली असायची. मग "मंडईत जाऊन येतो" म्हणत मी आणि पोरगी सटकायचो. कोपऱ्यावर मॅडमची गाडी उभी असायची.

पहिल्या दिवशी परत आले तर हे टेबलाशी बसलेले. समोर पातेलं. पातेल्यात पातळ, पांढरं, ताकासारखं काही, तळाशी ओल्या कापसासारखा गाळ.

"बसलं नाही," हे म्हणाले.

"हलवलंत."

"नाही."

"झाकण उघडलंत."

"एकदा. शेवटी."

"एकदा उघडलं म्हणजे हलवलंच."

त्यांनी ते सगळं फडक्यात ओतलं. फडक्यातून निम्म्याहून जास्त सिंकमध्ये गेलं आणि जे उरलं ते चमचाभर होतं. तेवढं त्यांनी पावावर पसरलं, शांतपणे खाल्लं आणि म्हणाले, "हळूहळू होईल कष्टाचं चीज." आणि स्वतःच हसले. हा विनोद मला त्यानंतर प्रत्येक वेळी ऐकावा लागला. माणूस एकच विनोद किती वेळा करू शकतो याचा अंत मी बघितला.

दुसऱ्या वेळी तेच. त्यानंतरही तेच. माझ्या नाकी नऊ आले. कारण चीज बसलं नाही तर हा माणूस कंटाळणार, कंटाळला की सकाळी मोकळा होणार, आणि मोकळा झाला की पोरीच्या शेजारी जाऊन बसणार. इकडे महिना सरत चाललेला. तिकडे गाडीतही काही धड होत नव्हतं. मॅडम चांगली शिकवत होती, पोरगी सगळं बरोबर करत होती, आणि मध्येच कारण नसताना ब्रेक. पुन्हा ब्रेक. मॅडमने शेवटी मागे वळून माझ्याकडे बघितलं, काही बोलणार होती, बोलली नाही. मी म्हटलं, "वडिलांची सवय लागलीय हो तिला." मॅडम रस्त्याकडे बघत बसली.

त्या दिवशी घरी येऊन मी ह्यांना धारेवर धरलं. पातेलं पुन्हा तसंच होतं. मी टेबलाशी बसले, नीट विचार केला आणि माझ्या लक्षात आलं.

"तुमचा पाय," मी म्हटलं.

"काय पाय?"

"तुम्ही इथे बसता. रस्त्यावर गाडीचा आवाज आला की तुमचा पाय फरशीवर दाबला जातो. फरशी हलते, टेबल हलतं, दूध हलतं. कसं बसेल ते?"

दुसऱ्या कुणीही मला वेड्यात काढलं असतं. निदान चिडलं तरी असतं. ह्यांनी खाली आपल्या पायाकडे बघितलं, मग पातेल्याकडे बघितलं, आणि म्हणाले, "शक्य आहे."

दुसऱ्या दिवशी पातेलं आतल्या खोलीत, कपाटाच्या खालच्या कप्प्यात गेलं, आणि हे बाहेर खुर्चीत, उजवा पाय उशीवर ठेवून, हात मांडीवर, असे बसून राहिले. मला बघून इतका संताप आला की सांगता येत नाही. नवऱ्याने भांडावं तरी. भांडला तर आपणही चार शब्द बोलतो आणि मोकळं होतो. हा माणूस उशीवर पाय ठेवून माझीच चूक असल्यासारखा बसतो.

दूध त्याही दिवशी बसलं नाही.

मग एका पहाटे गुडघा दुखला म्हणून हे लवकर उठले. मी स्वयंपाकघरात होते. डेअरीचं दूध आलं होतं, पातेलं गॅसवर होतं, दूध वर येत होतं आणि मी गॅस बारीक करायला वाकले होते. हे दारात उभे राहिले.

"हे काय करतेस?"

"दूध तापवतेय. दुसरं काय करणार?"

"कुठलं दूध?"

"तुमचंच. चीजचं."

"रोज तापवतेस?"

"मग काय कच्चं ठेवू घरात? डेअरीचं दूध. नासलं तर?" मी साय एका वाटीत काढत म्हटलं. साय चांगली जाड आली होती.

ह्यांनी भिंतीवरच्या कागदाकडे बोट दाखवलं. मी चष्मा लावला. दुसऱ्याच ओळीत, ठळक अक्षरांत, लिहिलं होतं की दूध कच्चं घ्यावं, उकळलेलं दूध बसत नाही. तो कागद मी आणला होता. मीच त्यांच्यापुढे ठेवला होता. ओळ वाचायची राहिली होती, कारण दूध आलं की तापवायचं यात वाचण्यासारखं काय आहे? ते मला आईने शिकवलं, आईला तिच्या आईने. घरात न उकळलेलं दूध म्हणजे माझ्या लेखी दूधच नव्हे.

"बरं," हे म्हणाले. एवढंच. मी वाट बघत होते की आता उशीचं काढतील, पायाचं काढतील, काही तरी बोलतील. त्यांनी गॅस बंद केला आणि चहाचं भांडं घेतलं.

हसली ती पोरगी. ती कधी येऊन ह्यांच्यामागे उभी राहिली होती कुणास ठाऊक. ती हसायला लागली आणि थांबेचना. भिंतीला टेकून, पोट धरून, डोळ्यांतून पाणी येईपर्यंत हसली. आधी मला बरं वाटलं, कारण नापास झाल्यापासून ती हसली नव्हती. मग ते हसणं मला लांबल्यासारखं वाटलं.

"पुरे आता," मी म्हटलं. "माझं चुकलं. दुधाने कुणाचं घोडं मारलं नाही."

"आई," ती डोळे पुसत म्हणाली, "गाडीत पण तू हेच करतेस."

"कुठल्या गाडीत?" ह्यांनी विचारलं.

झालं. मॅडमचं, मंडईचं, सगळं बाहेर आलं. मला वाटलं, आता तरी रागावतील. मुलीला चोरून दुसरीकडे शिकायला पाठवलं, तेही त्यांच्याच विद्यार्थिनीकडे. हे एवढंच म्हणाले, "मॅडम चांगली शिकवते. क्लच शिकवण्यात तिचा हातखंडा आहे." मग पोरीकडे वळून म्हणाले, "आई काय करते गाडीत?"

पोरीने माझ्याकडे बघितलं. मी म्हटलं, "सांग ना. मी काय करते? मी तर मागे तोंड मिटून बसलेली असते."

"तोंड मिटूनच बसतेस," ती म्हणाली. "आणि दातांतून हवा आत ओढतेस. स्स् करून. पुढे सायकल दिसली की स्स्. सिग्नल पिवळा झाला की स्स्. मी गिअरला हात लावला तरी स्स्. बाबांनी पाय दाबला तर खरंच ब्रेक मारायचा असतो, आणि दाबून झाला की ते विसरून जातात. तुझं स्स् कशासाठी आहे तेच मला कळत नाही, म्हणून मी थांबते. शाळेत असल्यापासून थांबते. जिन्यात, रस्त्यात, दूध ओतताना. त्या परीक्षकाला सर्दी झाली होती ना? त्याने नाक ओढलं, आणि माझा पाय ब्रेकवर गेला."

मी ह्यांच्याकडे बघितलं. असल्या वेळी नवऱ्याने म्हणावं, काही तरी काय बोलतेस आईला. हे चहाच्या भांड्यात बघत होते.

"मला वाटायचं तुझे दात दुखतात," ते म्हणाले. "गार काही खाल्लं की माणूस करतो ना, तसं. मी म्हटलं, डॉक्टरकडे का जात नाही ही."

काखेत कळसा आणि गावाला वळसा, ही म्हण मी आयुष्यात असंख्य वेळा वापरली आहे. स्वतःसाठी कधी वापरली नव्हती. मला राग आला. पोरीचा आला, ह्यांचा आला, त्या मॅडमचाही आला, कारण तिला कळलं होतं आणि तिने सांगितलं नाही. मी साय फ्रीजमध्ये ठेवली, फ्रीजचं दार जरा जोरात लावलं आणि आतल्या खोलीत जाऊन बसले. बाहेर दोघं हळू आवाजात बोलत होते. काय बोलत होते ते ऐकायला मी उठले, दारापर्यंत गेले, आणि परत येऊन बसले.

मग त्या दोघांनी ठरवलं. मला विचारलं नाही, सांगितलं. परीक्षेपर्यंतच्या सगळ्या सकाळी हे पोरीबरोबर जाणार, आमच्याच जुन्या गाडीतून. आणि घरी चीजजवळ मी बसणार.

"कच्च्या दुधाचं," पोरगी म्हणाली.

"कळलं मला."

"हाताची घडी, तोंडावर बोट."

"कळलं म्हटलं ना."

माझी अवस्था कुणाला कळायची नाही. सकाळी दूध यायचं आणि गॅसवर न चढता तसंच ओट्यावर राहायचं. माझा हात आपोआप लायटरकडे जायचा. पहिल्या दिवशी मी कोमट केलं, ताक घातलं, थेंब घातले, ढवळलं, झाकलं, आणि अर्ध्या तासात झाकण उघडून बघितलं. दुधावर बारीक थरथर दिसली. बसतंय वाटतं, म्हणून खात्री करायला भांडं जरासं कलतं केलं. जरासंच. कडेला तडा गेला, त्यातून पाणी वर आलं आणि सगळं पचपचीत झालं. दुसऱ्या दिवशी उघडलं नाही, पण ओट्यावरून टेबलावर ठेवलं, कारण ओट्यावर ऊन येत होतं. ते बसलं, पण वेडंवाकडं. हे घरी आले, फडकं बांधलं आणि म्हणाले, "पुढच्या वेळी." आणि त्यांचा विनोद केला.

गाडीत काय चाललंय ते मला कुणी सांगत नव्हतं. मीही विचारत नव्हते. जेवताना पोरगी गप्प असायची. हे गुडघ्याला शेक घ्यायचे. मी मात्र आता स्वतःवर पहारा ठेवला होता, आणि सांगायला लाज वाटते, पण ती म्हणाली ते खरं होतं. ह्यांनी गरम भांडं उचललं की मी स्स् करायची. पोरीने दाराला किल्ली लावली तरी. मी ओठ घट्ट मिटून घ्यायची तर ते नाकातून निघायचं.

परीक्षा महिन्याच्या शेवटच्या आठवड्यात होती. त्या सकाळी ते दोघं निघाले. पोरीने पांढरा शर्ट घातला होता. मी दारात उभी राहिले आणि बोलण्यासारखं माझ्याकडे इतकं होतं की त्यातलं काहीच बोलले नाही. गाडी गेली. मी आत येऊन दूध कोमट केलं. ताक, थेंब, एकदा अलगद ढवळणं, झाकण. मग स्वयंपाकघराचं दार बाहेरून ओढून घेतलं आणि जिन्याच्या पायरीवर जाऊन बसले, कारण घरात बसले असते तर गेले असते आत.

पायरीवर बसून मी दुसरं काय करणार, पोरीचाच विचार केला. नापास झाली तर जागा गेली, आणि ती मला काही बोलणार नाही, वडिलांवर गेलीय. आयुष्यभर वॉर्डात राहील आणि मला एका शब्दाने बोलणार नाही. त्यापेक्षा बोललेलं बरं. आणि पास झाली तर? पास झाली तर मी बरोबर नव्हते म्हणून झाली. मला पोरीने पास व्हायला हवं होतं, अगदी जिवापासून हवं होतं, आणि तरी हे दुसरं मनात टोचत होतंच. आपण नसलो की आपल्या लेकराचं बरं होतं, हे कुठल्या आईला ऐकायला आवडेल?

गाडी आली. पोरगी चालवत होती, पण जातानाही तीच चालवत होती, त्यावरून काही कळेना. दोघं जिना चढून आले. मी उठून उभी राहिले. शब्द दातांपर्यंत आला होता. मी तो गिळला आणि बाजूला होऊन त्यांना वाट दिली.

पोरगी माझ्यासमोर थांबली. "काय गं, विचारत नाहीस?"

"तुला सांगायचं तेव्हा सांग."

ती बघतच राहिली. मग आत गेली, स्वयंपाकघराचं दार ढकललं आणि झाकण उचललं. ह्यांनी सुरी दिली. तिने चिरलं. दूध गच्च बसलं होतं, पांढरंशुभ्र, सुरीने सरळ भेग पडली आणि भेगेत हिरवट पाणी चढलं.

"हात लावला नाहीस," ती म्हणाली.

"नाही."

"अजिबात?"

"मी घरातच नव्हते."

तिने सुरी खाली ठेवली आणि माझ्या खांद्यावर डोकं टेकलं. "पास झाले, आई," ती म्हणाली. मी तिच्या पाठीवरून हात फिरवला. रडू आलं, ते मी लपवलं नाही. ह्यांनी पुन्हा तो विनोद केला, आणि पहिल्यांदाच आम्ही दोघी हसलो. फडकं नळाला लटकवलं, पण पाणी पुरतं गळेपर्यंत कुणाला धीर निघाला नाही. ओलं ओलंच पावावर घेतलं. चव बेताचीच होती, मीठ विसरलो होतो.

सोमवारी ती पहिल्यांदा एकटी कामावर निघाली. आम्ही दोघं खिडकीत उभे होतो. तिने हात हलवला, मी हात हलवला, "नीट जा"सुद्धा म्हटलं नाही. गाडी रस्त्याला लागली, कोपऱ्यापर्यंत गेली, आणि तेवढ्यात आडव्या रस्त्यावरून डेअरीचा टेम्पो आला. मी घाईघाईने खिडकी लावून घेतली, कडी घातली, आणि मग दातांतून हवा ओढली. इतक्या दिवसांची साठलेली सगळी ओढली. पोरगी कोपऱ्यावर थांबली नाही. थांबायची गरजच नव्हती. टेम्पोला बाजू देऊन ती आरामात वळून गेली.

"ऐकू नाही गेलं तिला," हे म्हणाले.